येतो, मंडळी

गार्गीची अट साधी होती. रविवारी तनयची आई येणार, तेवढा वेळ घरातली खोली बंद हवी.

"खोली म्हणजे कुठली?" मकरंद उपासनीने फोनवर विचारलं. नाशिकच्या त्याच्या फ्लॅटमध्ये खोल्या तीन होत्या, आणि त्यातली नेमकी कुठली, असा खरोखरच प्रश्न पडल्यासारखा त्याचा सूर होता.

"बाबा."

"बरं. बंद ठेवतो."

"आणि पाठीवरचं ते काढून ठेव."

"ते शर्टाच्या आत असतं गं. कुणाला दिसतंय?"

"तुझा चेहरा दिसतो. समोरचा माणूस काहीतरी सांगत असतो आणि तुला मागून कुणीतरी छान खाजवून देतंय असा तू बघत असतोस." मग गार्गीचा आवाज खाली आला. "बाबा, या वेळी काही झालं ना, तर मी भांडणार नाही. आम्ही पुण्यात रजिस्टर लग्न करू आणि तुम्हाला फोटो पाठवू. एवढंच."

'या वेळी' असं ती म्हणाली कारण मागची एक वेळ होती. गेल्या वर्षी तिची नोकरी गेली तेव्हा तिने रडत घरी फोन केला होता. फोन स्पीकरवर होता आणि मकरंदची खोली उघडी होती. तिने पुढे काय करावं यावर जमलेल्या मंडळींनी तिथल्या तिथे मतदान केलं. बहुमत स्पर्धा परीक्षांच्या बाजूने पडलं. तेव्हापासून गार्गी घरातून निघताना 'येते' म्हणेनाशी झाली होती. 'चला' म्हणायची आणि चपला घालायची. हे पल्लवीच्या, म्हणजे तिच्या आईच्या, लक्षात आलं होतं. मकरंदच्या नव्हतं.

तसा मकरंद वाईट माणूस नव्हता. तो सूत्रसंचालक होता. नाशिकमधला एकही अमृतमहोत्सव, निवृत्तीचा सत्कार किंवा पतसंस्थेचा वर्धापनदिन त्याच्याशिवाय पार पडत नसे. मग निवेदनाची यंत्रं आली. पाहुण्यांची नावं भरली की ती हव्या त्या आवाजात स्वागत करायची, कुलकर्ण्यांना कुलकर्णीच म्हणायची, आणि कार्यक्रमानंतर जेवायला थांबायची नाहीत. मकरंद घरी बसला. टाळी ही अशी वस्तू आहे की ती घरच्या घरी करता येत नाही. पल्लवीने एकदा प्रयत्न केला होता, पण ती डास मारतेय असंच मकरंदला वाटलं.

अशा दिवसांत 'थाप' बाजारात आली.

त्यामागचं विज्ञान मकरंदने इतक्यांना समजावलं होतं की त्याला ते झोपेतही सांगता आलं असतं. माणसाच्या त्वचेत स्पर्शाच्या दोन तऱ्हेच्या तारा असतात. पहिल्या वेगवान. काटा टोचला, चटका बसला, की त्या क्षणात मेंदूला कळवतात. दुसऱ्या अगदी संथ. त्या तळहातावर जवळजवळ नसतातच. पाठीवर, मानेवर, दंडावर असतात, आणि त्यांना एकच गोष्ट उत्तम कळते. कुणीतरी अंगाइतक्याच उबदार हाताने, सावकाश, आपल्याला कुरवाळत आहे. ही बातमी मेंदूत जिथे पोचते तिथे शब्द नसतात, हिशेब नसतो. तान्हं मूल पाठीवरून हात फिरवल्यावर रडायचं थांबतं ते याच तारांमुळे. 'थाप' म्हणजे दोन खांद्यांच्या मध्ये चिकटवायची तळहाताएवढी पातळ पट्टी. ती ऊब आणि सौम्य विजेची कंपनं वापरून नेमक्या याच संथ तारा छेडायची.

कधी छेडायच्या, हे ठरवायचे प्रेक्षक. पसंतीचा अंगठा काय, माणूस दुसरीकडे बघत, भाजी परततसुद्धा दाबतो. पण मन लावून बघताना डोळ्याची बाहुली मोठी होते, पापणी कमी लवते, नजर ठरते. हे कुणाला मुद्दाम करता येत नाही. प्रेक्षकाच्या फोनचा कॅमेरा त्याचे डोळे मोजायचा, सगळ्यांचं लक्ष एकत्र करून निवेदकाच्या पाठीवर पाठवायचा. प्रक्षेपणाला कंपनी 'खोली' म्हणे आणि प्रेक्षकांना 'मंडळी'. किती मंडळी आहेत हा आकडा कुठेच दिसत नसे. जाहिरातीतच म्हटलं होतं: आकडा पाहू नका, पाठीला विचारा.

थाप या शब्दाला मराठीत दुसराही एक अर्थ आहे, हे नाव ठेवणाऱ्या पुण्याच्या दोन इंजिनियरांना सुचलं नसेल असं नाही. त्यांना तो विनोद वाटला असावा.

मकरंदची खोली रोज सकाळी उघडायची. चहाचा कप, दोन बातम्या, जुन्या सत्कारांचे किस्से आणि शेवटी हात जोडून "येतो, मंडळी." शोकेसवर ठेवलेल्या कॅमेऱ्याच्या वाटोळ्या डोळ्याचा लाल दिवा मग मंद पिवळा व्हायचा. हळूहळू एक नवल घडायला लागलं. खोली बंद झाल्यावरही थापा थांबेनात. अंघोळ करताना, बँकेच्या रांगेत, दुपारी आडवा झाल्यावर, पाठीवरून तो उबदार हात फिरतच राहायचा.

"मंडळी उठायलाच तयार नाहीत," तो पल्लवीला म्हणाला. "जुने भाग लावून बसतात बहुतेक."

"बसू देत," पल्लवी म्हणाली. "तू जरा ऊठ. गॅस संपलाय."

रविवारी मकरंदने सकाळचा कार्यक्रम लवकर आवरला. "आज घरी खास पाहुणे आहेत, त्यामुळे आज्ञा घेतो. येतो, मंडळी." दिवा पिवळा झाला. पट्टी काढायची तर तेल चोळत बसावं लागतं, आणि खोली बंद असताना पट्टी म्हणजे नुसता चिकटपट्टीचा तुकडा, अशी त्याने स्वतःची समजूत घातली आणि वरून सदरा घातला.

तनयची आई मंजिरीताई संगमनेरच्या एका शाळेत मुख्याध्यापिका होत्या. सोफ्यावर बसतानाही पाठ टेकत नव्हत्या. तनय त्यांच्या शेजारी, वर्गाबाहेर उभं केल्यासारखा बसला होता. गार्गी समोर. पल्लवी ताटल्या घेऊन आली तेव्हा मकरंदच्या तोंडून गेलंच, "आणि आता आपल्यासमोर येत आहेत, सुरळीच्या वड्या."

मंजिरीताई हसल्या. गार्गी हसली नाही. तिने मांडीवरच्या फोनमध्ये डोकं घातलं. आजकालची मुलं, असं मकरंदला वाटलं.

बोलणी चांगली चालली होती. हॉल नको, मोजकी माणसं, जेवण मात्र नीट. मग मंजिरीताईंनी ताटली खाली ठेवली.

"एक सांगायचं आहे. तनय म्हणाला आधी सांग, म्हणून आले मी. नाहीतर फोनवरही झालं असतं." त्यांनी पदर सारखा केला. "तनयचे बाबा मस्कतला नाहीत. आम्ही सगळ्यांना तसं सांगतो. ते धुळ्याजवळ एका संस्थेत असतात. मनाचा आजार आहे. मला आता ओळखत नाहीत. तनयला ओळखतात, पण दुसऱ्याच कुणाच्या नावाने."

तनय सुरळीच्या वडीकडे बघत होता.

"माझ्या थोरलीच्या सासरी हे माहीत नाही," त्या म्हणाल्या. "तिला दिवस गेलेत. तिथे हे असं बाहेरून कळलं तर तिचं काय होईल मला सांगता येत नाही. एवढीच विनंती, ही गोष्ट या खोलीबाहेर जाऊ नये."

आणि त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं.

नेमक्या त्या वेळी मकरंदच्या पाठीवर थाप पडली. रोजची नाही. रोजची एकसारखी, चुना लावल्यासारखी सपाट असायची. ही एकाच जागी, जोरकस, थोडी थरथरती, आणि थांबेचना. त्याच्या अंगावर काटा आला. इतक्या मनापासून आपल्याला आजवर कुणीच पाहिलं नसेल, असं त्याला वाटून गेलं. मग समोर एक बाई रडत आहेत हे आठवून त्याने चेहरा गंभीर केला.

"ताई, तुम्ही निश्चिंत राहा," तो म्हणाला. "इथली गोष्ट इथेच राहील."

मंजिरीताई आणि तनय ओझरला एका नातेवाइकांकडे गेले. संध्याकाळी परत येऊन गार्गीला घ्यायचं आणि तिघांनी पुण्याला जायचं, असं ठरलं. पाहुणे गेल्यावर मकरंद शोकेसपाशी गेला. उद्याच्या सकाळचा विषय नोंदवून ठेवावा म्हणून त्याने पडदा चालू केला.

पडद्यावर लिहिलं होतं: मकरंद एवढ्यात येतील. खोली उघडी आहे.

त्याच्या खाली सोफा दिसत होता. ताटल्या दिसत होत्या. आणि पडद्यावर वाकून बघणारा एक माणूस, जो तो स्वतः होता.

मकरंदने गॅलरीत जाऊन दार ओढून घेतलं आणि कंपनीच्या मदत कक्षाला फोन लावला. सायली नावाची मुलगी होती. आवाजावरून सर्दी झालेली.

"तुम्ही खोली बंद केलीच नव्हती, सर. तुम्ही 'येतो' म्हणालात."

"हो. निघताना आपण येतोच म्हणतो."

"आपण म्हणतो, सर. ऐकणारी प्रणाली बाहेरून घेतलेली आहे. तिच्या लेखी येतो म्हणजे येतो. ती तुमची वाट बघत बसते. पिवळा दिवा म्हणजे वाट बघणं."

"म्हणजे रोज?"

"पहिल्या दिवसापासून, सर. सगळ्या मराठी खोल्या उघड्याच आहेत. जातो म्हणत नाही ना कुणी. गुजराती निघताना 'आवजो' म्हणतात, त्यांचं वेगळं प्रकरण चालू आहे."

"मग दुरुस्त का करत नाही?"

"कळवलंय, सर." ती शिंकली. "पण खोल्या उघड्या असल्या की वर आलेख चांगला दिसतो."

मकरंदच्या पाठीवरून तो हात निवांत फिरतच होता. दिवसभर फिरत होता. मंजिरीताई बोलत होत्या तेव्हाही फिरत होता. म्हणजे लोक बघत होते. किती? शेकड्यांनी असतील तर त्यात संगमनेरचा एखादा असणारच. संगमनेरचा असला की थोरलीच्या सासरपर्यंत पोचायला असा किती वेळ लागतो. आयुष्यात पहिल्यांदाच मकरंद उपासनी मनातल्या मनात म्हणत होता, कुणी नसू दे. सभागृह रिकामं असू दे.

"सायली, मला थापा येत होत्या. आत्ताही येतायत."

"त्या आमच्या, सर."

"तुमच्या म्हणजे?"

"वाट बघताना निवेदकाने परत यावं म्हणून प्रणाली स्वतःच थोडी थोडी थाप देत राहते. पाठ गार पडू नये म्हणून. सवय मोडली की लोक परत येत नाहीत, सर. अटींमध्ये आहे ते."

पाठीवरचा हात चालूच होता. आता तो कुणाचाच नाही हे कळूनही बरा वाटत होता, हे सगळ्यात वाईट होतं.

"खरी मंडळी किती होती, ते सांगता येईल? आज दुपारी?"

"आकडा द्यायचा नसतो, सर." थोडा वेळ बटणं वाजली. "एक."

"एक हजार?"

"एक, सर. मोजून एक."

"आणि रोज सकाळी?"

"चार. कधी पाच. त्यातला एक आमचा तपासणीचा फोन असतो." मग तिलाच वाईट वाटलं असावं. "वाट बघतानाचं चित्रण साठवत नाही, सर, ते एक बरं आहे. ज्याने पाहिलं त्यानेच पाहिलं."

"बंद कशी करायची ते सांग."

"जातो म्हणा. आणि पट्टी काढलीत की त्या जागेला काही दिवस स्पर्श कळणार नाही. घाबरू नका."

मकरंद गॅलरीत उभा राहिला. चित्रण नाही. आकडा गुप्त. ज्या एकाने पाहिलं तो कदाचित पेंगतही असेल. पण पेंगत नव्हता, हे मकरंदच्या पाठीला चांगलं ठाऊक होतं. ती थरथरती थाप त्याचीच. जळगावच्या त्या बाई असतील का, ज्या रोज 'शुभ सकाळ' लिहितात? की मालेगावचा तो निवृत्त पोस्टमास्तर? आणि समजा गप्प बसलं. कुणाला कळणार? लग्न होईल, मोजकी माणसं, जेवण नीट. आणि दोन महिन्यांनी, चार महिन्यांनी, मंजिरीताईंच्या थोरलीच्या सासरी कुणीतरी सहज म्हणेल, ते मस्कतचं खरं काय हो?

आत गार्गी बॅग भरत होती. ती एका ओढणीची घडी घालत होती, नको तेवढी बारीक.

"खोली उघडी होती," मकरंद म्हणाला.

गार्गीने वर पाहिलं नाही.

"मी बंद केली होती. म्हणजे, येतो म्हणालो. त्याला ते मराठी कळत नाही. त्याला वाटलं मी खरंच येतोय."

"किती लोक होते?"

सिन्नरच्या एका कविसंमेलनाला तिघं आले होते, तेव्हा मकरंदने माइकवरून 'तुडुंब' हा शब्द वापरला होता. प्रेक्षकांच्या बाबतीत इतका लहान आकडा त्याने आयुष्यात उच्चारला नव्हता.

"एक."

"एकच?"

"रोजही चारच असतात. मला कुणी बघत नाही, गार्गी. बाकीचं कंपनीच थोपटते." तो पलंगाच्या कडेला बसला. "पण तो जो एक होता, त्याने नीट लक्ष देऊन ऐकलंय. कोण ते मला माहीत नाही. मंजिरीताई आल्या की मी सांगतो त्यांना. मीच सांगतो. मग त्या काय ठरवायचं ते ठरवतील. तू रजिस्टर कर. फोटो पाठव."

गार्गीने ओढणी बॅगेत टाकली, फोन काढला आणि त्याच्यापुढे धरला. पडद्यावर दिवाणखाना होता. रिकामा सोफा, शोकेसवरून पाहिलेला.

"तो एक मी होते."

मकरंद फोनकडे बघत राहिला.

"सुरळीच्या वड्या आल्या तेव्हा मला शंका आली. तू घरच्यांशी असा बोलत नाहीस. म्हणून थापचं ॲप उतरवलं. ते उघडेपर्यंत काकूंचं बोलणं सुरू झालं होतं, आणि मला मीच दिसले."

"मग तेव्हाच का नाही बोललीस?"

"काय बोलणार? काकू रडत होत्या. त्यांना सांगू की जरा थांबा, वर कॅमेरा आहे?" तिने बॅगेची चेन ओढली. ती मध्येच अडकली. "आणि नंतर म्हटलं, बघू. सांगतोस का."

"आणि सांगितलं नसतं तर?"

ती अडकलेल्या चेनशी झटत राहिली.

"तू चिडली होतीस का गं? बघत होतीस तेव्हा."

"हात थरथरत होते माझे. तुझ्याकडे बघत होते आणि म्हणत होते, हा माणूस आपला बाप आहे."

मकरंदने मान हलवली. रागानेही डोळ्याची बाहुली तेवढीच मोठी होते. हे त्याला माहीत होतं. इतक्यांना समजावताना त्याने ते नेमकं गाळलं होतं.

"आत्ता बंद कर," गार्गी म्हणाली. "माझ्यासमोर."

दोघं दिवाणखान्यात आले. मकरंद डोळ्यासमोर उभा राहिला आणि सवयीने सदरा नीट केला. शब्द लहान होता. तो त्याने कुणाच्या घरातून निघताना कधीच वापरला नव्हता; वापरणाऱ्याला लोक उंबऱ्यातच थांबवतात. पहिल्यांदा नुसता "जा" एवढाच आवाज आला. मग त्याने घसा साफ केला.

"जातो, मंडळी."

पिवळा दिवा विझला. पाठीवरचा हात निघून गेला.

"जातो काय?" स्वयंपाकघरातून पल्लवी म्हणाली. "अशुभ काहीतरी. येतो म्हणावं..."

"आई, गप्प," गार्गी ओरडली आणि धावत जाऊन तिने आईच्या तोंडावर हात ठेवला. तिघंही डोळ्याकडे बघत थांबले. दिवा लागला नाही. मकरंदने जाऊन वायर काढली.

मग पट्टी निघायला हवी होती. पल्लवीचे हात पिठाचे होते, म्हणून गार्गीने खोबरेल आणलं. मकरंद स्टुलावर पाठमोरा बसला. किती तरी वेळ तेल जिरवावं लागलं असेल, कारण बाहेरचं ऊन उतरलं.

"लागतंय का?"

"काही कळत नाही."

"काहीच?"

"तू हात लावलायस का?"

"मघापासून," गार्गी म्हणाली.

पट्टी एका कडेने सुटली. खाली पांढरट चौकोन होता, प्लास्टर काढल्यावर असतो तसा. गार्गीने त्यावरून तळवा फिरवला. मकरंदने समोरच्या शोकेसच्या काचेत पाहिलं, तेव्हा त्याला कळलं की ती हात फिरवतेय. तो काचेतच बघत राहिला.

खाली गाडीचा हॉर्न वाजला.

"मी येतो खाली," मकरंद उठत म्हणाला. "मंजिरीताईंना सांगायला."

"नको. गाडीत मी सांगते. खोली उघडी होती आणि तिच्यात मीच होते, असं सांगते."

"काय म्हणतील त्या?"

"माहीत नाही, बाबा."

"नाही म्हणाल्या तर?"

"माहीत नाही म्हटलं ना."

तिने बॅग उचलली, आईला वाकून नमस्कार केला, चपलेत पाय घातले. मकरंद सदरा न घालता, पाठीला तेल, तसाच दारात आला. गार्गी जिन्याच्या पहिल्या पायरीवर थांबली. 'चला' म्हणण्यापूर्वी ती नेहमी बॅगेचा बंद खांद्यावर सारखा करायची. आता तिने तो सारखा केला.

"येते," ती म्हणाली आणि उतरून गेली.

गाडी गेल्याचा आवाज आला. पल्लवीने दार लावलं आणि आत गेली. मकरंदने ते पुन्हा किलकिलं केलं आणि समोरच्या खुर्चीत बसला.

"दार का उघडं? संध्याकाळची वेळ आहे, डास येतील," पल्लवी आतून म्हणाली.

"असू दे," मकरंद म्हणाला. "ती येते म्हणून गेलीय."